बर्फ मिळेल का बर्फ?

ग्लॅमर आहे, स्पॉन्सर आहेत, ताशी शंभर-सव्वाशे किलोमीटरच्या वेगाने डोंगरावरून सुटणारे डेअरडेव्हिल्स आहेत. पण हिवाळी ऑलिम्पिक भरवणाऱ्यांची झोप गेली शंभर वर्षं एकाच चिंतेनं उडवली आहे. यंदा बर्फ पडेल ना?

ऑलिम्पिक म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे काय येतं? उसेन बोल्टची पोझ, नीरज चोप्राचा भाला, फार तर सिंधूचा स्मॅश. म्हणजे सगळं उन्हाळी! याच ऑलिम्पिकचं एक धाकटं भावंड आहे आणि ते दर चार वर्षांनी ऐन थंडीत भरतं, हे आपल्यापैकी बऱ्याच जणांना चॅनेल सर्फ करताना चुकूनच कळतं. टीव्हीवर कोणीतरी घट्ट सूट घालून बर्फाच्या नळीतून आडवा झोपून सुसाट जातो, कोणी झाडूनं बर्फ घासत दगड ढकलतं, आणि आपण म्हणतो, 'हे काय चाललंय बुवा?'

आपला तरी काय दोष? मुंबईकरांची थंडी म्हणजे जानेवारीतले चार दिवस. पुणेकर, नाशिककर स्वेटर बाहेर काढतात, पण बर्फ? तो आपल्याला माहीत आहे गोळेवाल्याकडचा, नाहीतर फ्रीझरमधला! त्यामुळे हिवाळी ऑलिम्पिक हे 'त्यांचं' लफडं असं आपण ठरवून टाकलंय. पण या स्पर्धेचा इतिहास चाळला की एक वेगळीच गोष्ट समोर येते. ज्यांच्या दारात बर्फ पडतो त्यांनाही तो वेळेवर मिळवण्यासाठी किती यातायात करावी लागली, त्याची ही गोष्ट. आणि आता तर प्रश्न नुसता वेळेवर मिळण्याचा राहिलेला नाही.

नावाला सप्ताह!

सप्ताह म्हटल्यावर आपल्याला मांडव, टाळ-मृदंग आणि शेवटचा महाप्रसाद आठवतो. हिवाळी ऑलिम्पिकची सुरुवातही सप्ताहानंच झाली. साल १९२४, ठिकाण शामोनी, फ्रान्समधल्या आल्प्सच्या कुशीतलं छोटंसं गाव. वर माँ ब्लाँचं शिखर. २५ जानेवारी ते ५ फेब्रुवारी या काळात इथे 'आंतरराष्ट्रीय हिवाळी क्रीडा सप्ताह' भरला. नावाला सप्ताह, चालला बारा दिवस!

त्याला थेट 'ऑलिम्पिक' न म्हणण्यामागे पॉलिटिक्स होतं. स्वीडनमध्ये १९०१पासून 'नॉर्डिक गेम्स' भरत होते. स्कीइंग आणि स्केटिंग ही आपली खासगी मालमत्ता आहे, असं स्वीडन-नॉर्वेवाल्यांना वाटायचं. दुसऱ्या कोणी तशीच स्पर्धा काढली तर आपल्या दुकानाचं काय, ही भीती. तसं फिगर स्केटिंग १९०८च्या लंडन ऑलिम्पिकमध्ये आणि आइस हॉकी १९२०च्या अँटवर्प ऑलिम्पिकमध्ये होऊन गेलं होतं. पण बर्फातल्या खेळांचं वेगळं ऑलिम्पिक? नको रे बाबा!

म्हणून मग सप्ताहाची पळवाट निघाली. १६ देश आणि अडीचशेच्या आसपास खेळाडू आले. त्यात मुली जेमतेम डझनभर आणि त्यांना एंट्री फक्त फिगर स्केटिंगला. त्यातलीच एक होती अकरा वर्षांची नॉर्वेची सोन्या हेनी. ती आली शेवटची. पण पुढच्या तीन ऑलिम्पिकमध्ये तिने सलग तीन सुवर्णपदकं मारली आणि नंतर हॉलिवुडची स्टार झाली!

गंमत म्हणजे शामोनीत सगळ्यात जास्त पदकं नॉर्वेने नेली. विरोधाचा सूर हळूहळू मावळला आणि आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीने त्या सप्ताहाला मागाहून 'पहिलं हिवाळी ऑलिम्पिक' असं नाव देऊन टाकलं. म्हणजे आधी खेळले, नंतर कळलं की आपण ऑलिम्पिक खेळलो!

पारा चढला, शर्यत बुडाली

दुसरं हिवाळी ऑलिम्पिक १९२८ साली स्वित्झर्लंडच्या सेंट मॉरिट्झला. श्रीमंतांचं आवडतं ठिकाण, उंच जागा, बर्फाची खात्री. पण आल्प्समध्ये 'फॉन' नावाचा एक वारा वाहतो. डोंगर उतरून येताना तो गरम आणि कोरडा होतो आणि काही तासांत पारा चढवतो. ऐन स्पर्धेत हा पाहुणा न बोलावता हजर झाला.

५० किलोमीटर क्रॉस-कंट्री स्कीइंगची शर्यत सकाळी गारठ्यात सुरू झाली आणि दुपारी तापमान २५ अंशांपर्यंत गेलं. आपल्याकडे या तापमानाला 'मस्त हवा आहे' म्हणतात. तिकडे स्कीखालचा बर्फ चिखल व्हायला लागला आणि दमछाक झालेले खेळाडू शर्यत सोडून बाहेर पडले. १०,००० मीटर स्केटिंगची शर्यत तर मध्येच रद्द झाली, कारण रिंकवर पाणी साचलं! तेव्हा अमेरिकेचा आयर्विंग जॅफी सगळ्यात पुढे होता. त्याला पदक मिळालंच नाही. पठ्ठ्याने चार वर्षांनी लेक प्लॅसिडला त्याच शर्यतीचं सुवर्ण जिंकून हिशेब चुकता केला, ती गोष्ट वेगळी.

म्हणजे दुसऱ्याच खेपेला आयोजकांना कळून चुकलं होतं की इथला खरा बॉस हवामान आहे.

लष्कराने आणला बर्फ

'लष्कराच्या भाकऱ्या भाजणं' हा आपला वाक्प्रचार. १९६४ साली ऑस्ट्रियातल्या इन्सब्रुकला मात्र खुद्द लष्करालाच दुसऱ्यांच्या भाकऱ्या भाजाव्या लागल्या.

झालं असं की स्पर्धा तोंडावर आली आणि बर्फाचा पत्ता नाही. चहूबाजूंनी आल्प्स, पण उतार उघडेबोडके. विचार करा, क्लायंट कॉन्फरन्स रूममध्ये येऊन बसलाय आणि तुमचं प्रेझेंटेशनच गायब आहे! ऑस्ट्रियाने सैन्य बोलावलं. जवानांनी उंच डोंगरावरून बर्फाच्या सुमारे २०,००० विटा कापून आणल्या, त्या बॉबस्ले आणि ल्यूजच्या ट्रॅकसाठी. स्कीइंगच्या उतारांसाठी सुमारे ४०,००० घनमीटर बर्फ वाहून आणला आणि तो हातांनी, पायांनी तुडवून घट्ट केला. त्यात मध्येच पाऊस झाला आणि केलेल्या कामावर अक्षरशः पाणी पडलं. पुन्हा कामाला लागले. स्पर्धा वेळेवर झाली.

आणि इथेच आपली एंट्री होते! याच इन्सब्रुकमध्ये भारताचा पहिला हिवाळी ऑलिम्पियन उतरला. जेरेमी बुजाकोव्स्की हे त्यांचं नाव, पोलिश वंशाचे स्कीअर. डाउनहिलची शर्यत त्यांना पूर्ण करता आली नाही, पण भारताचं नाव यादीत लागलं. १९६८च्या ग्रेनोबल ऑलिम्पिकमध्येही ते भारताकडून खेळले.

बर्फाची फॅक्टरी

डोंगर देत नसेल तर आपणच बनवू, हा फंडा ऑलिम्पिकमध्ये पहिल्यांदा वापरला गेला १९८० साली, अमेरिकेतल्या लेक प्लॅसिडला. लोकांच्या लक्षात राहिली ती तिथली आइस हॉकी. कॉलेजच्या पोरांनी भरलेल्या अमेरिकेच्या टीमने बलाढ्य सोव्हिएत संघाला ४-३ असं हरवलं. पण पुढच्या काळाच्या दृष्टीने मोठी गोष्ट डोंगरावर घडत होती. तिथे मशिनमधून बर्फ पडत होता.

हे मशीन चालतं कसं? तोफेसारख्या दिसणाऱ्या यंत्रातून पाण्याचे बारीक थेंब दाबाखालच्या हवेबरोबर उंच उडवतात. हवा पुरेशी थंड असेल तर ते थेंब खाली येईपर्यंत गोठतात. म्हणजे लागतं काय? भरपूर पाणी, भरपूर वीज आणि थंडी. ही तिसरी अट महत्त्वाची. पारा शून्याच्या बराच वर गेला की नेहमीची बर्फाची तोफ नुसती पाण्याची पिचकारी होते.

२०१०ला कॅनडाच्या व्हँकुव्हरने याचा अनुभव घेतला. त्या शहराने नोंदी ठेवायला लागल्यापासूनचा सगळ्यात उबदार जानेवारी नेमका त्याच वर्षी पाहिला. सायप्रस माउंटनवर स्नोबोर्डिंग व्हायचं होतं आणि तिथे पाऊस! मग ट्रक आणि हेलिकॉप्टरनी बर्फ आणला, गवताच्या पेंढ्या रचून त्यावर बर्फाचा थर दिला. प्रेक्षकांच्या उभं राहण्याच्या जागेवरचा बर्फच वाहून गेल्याने हजारो तिकिटं रद्द करून पैसे परत द्यावे लागले.

चार वर्षांनी रशियाने त्याच्यावर कडी केली. २०१४चं ऑलिम्पिक भरलं सोचीला. काळ्या समुद्राच्या काठचं हे शहर म्हणजे रशियनांचं बीच हॉलिडेचं ठिकाण. किनाऱ्यावर ताडाची झाडं! बर्फातले खेळ वरच्या डोंगरात होते, पण रिस्क नको म्हणून आदल्या हिवाळ्यातला लाखो घनमीटर बर्फ जाड आच्छादनांखाली उन्हाळाभर झाकून ठेवला होता. आपण आंब्याची साठवण करतो तसा त्यांनी बर्फ साठवला.

आणि २०२२च्या बीजिंगने तर कहरच केला. उन्हाळी आणि हिवाळी अशी दोन्ही ऑलिम्पिक भरवणारं हे जगातलं पहिलं शहर. पण तिथले डोंगर कोरडे, नैसर्गिक बर्फ नाममात्र. त्यामुळे जवळपास सगळा बर्फ मशिनचा. टीव्हीवर ते दृश्य बघताना गंमत वाटायची. चॉकलेटी, सुक्या डोंगरावर एकच पांढराशुभ्र पट्टा, जणू कोणी चुन्याची रेघ ओढली आहे.

मशिनचा बर्फ वाईट असतो असंही नाही. तो एकसारखा असतो, त्यामुळे पहिल्या आणि शेवटच्या खेळाडूला साधारण सारखाच ट्रॅक मिळतो. पण तो जास्त घट्ट आणि कडकही असतो. त्यावर पडलात तर भुसभुशीत गादीवर नाही, फरशीवर पडल्यासारखं वाटतं.

कोणी यजमान होता का यजमान?

एवढे कष्ट आणि एवढा खर्च करायचा कोणी? हा प्रश्न पहिल्यांदा खणखणीतपणे विचारला अमेरिकेतल्या कोलोरॅडोच्या मतदारांनी. १९७६चं हिवाळी ऑलिम्पिक डेन्व्हर शहराला मिळालं होतं. पण १९७२च्या नोव्हेंबरमध्ये लोकांनी मतदान करून सांगितलं, आमच्या टॅक्सच्या पैशातून आणि आमच्या डोंगरांच्या जिवावर हे नको. मिळालेलं ऑलिम्पिक मतदारांच्या कौलाने परत करणारं हे एकमेव शहर! शेवटी पुन्हा इन्सब्रुक मदतीला धावलं.

नंतर हा ट्रेंडच झाला. २०२२साठी ओस्लो, स्टॉकहोम, पोलंडचं क्राकाव आणि युक्रेनचं ल्विव या शहरांनी एकामागोमाग अंग काढून घेतलं. रिंगणात उरली बीजिंग आणि कझाकस्तानचं अल्माटी. बीजिंग ४४ विरुद्ध ४० मतांनी जिंकलं. विचार करा, ओस्लो म्हणजे नॉर्वेची राजधानी. बर्फ त्यांच्या रक्तात. साधारण ५५ लाख लोकसंख्येच्या या देशाने २०२२ला १६ सुवर्णपदकं नेली (आपल्या मुंबई उपनगर जिल्ह्यातच याहून जास्त माणसं राहतात!). तेच लोक म्हणाले, खेळायला येतो, पण पंगत आमच्या दारात नको.

म्हणून २०२६चं यजमानपद मिलान आणि कोर्तिना या दोन इटालियन ठिकाणांना मिळून दिलं गेलं आणि स्पर्धा उत्तर इटलीभर विभागली गेली. २०३०ला फ्रेंच आल्प्स आणि २०३४ला सॉल्ट लेक सिटी हे निर्णय २०२४च्या जुलैमध्ये एकाच बैठकीत झाले. नवं गाव शोधण्यापेक्षा ओळखीचं घर बरं!

यामागे निव्वळ पैशांचं गणित नाही. २०२२मध्ये कॅनडातल्या वॉटर्लू विद्यापीठाच्या संशोधकांच्या गटाने आतापर्यंतच्या २१ यजमान ठिकाणांचं भविष्य तपासलं. प्रदूषण याच वेगाने वाढत राहिलं, तर शतकाच्या अखेरीस खात्रीने आणि सुरक्षितपणे हिवाळी ऑलिम्पिक भरवू शकेल असं त्यातलं एकच ठिकाण उरतं, जपानचं सापोरो. शामोनी नाही, सेंट मॉरिट्झही नाही. ऑलिम्पिक समितीनेही २०२३मध्ये सांगून टाकलं की २०४०पर्यंत बर्फातले खेळ भरवू शकतील असे देश जेमतेम दहाच्या घरात असतील. आता ठरावीक ठिकाणीच आलटून पालटून स्पर्धा भरवावी का, याची चर्चा सुरू झाली ती त्यामुळेच.

आणि आपलं काय?

'आपल्याला काय त्याचं' असं म्हणायच्या आधी थोडं थांबा. भारताला हिमालय आहे, म्हणजे बर्फ आहे. नव्हता तो ट्रॅक.

मनालीजवळच्या वशिष्ठ गावातला शिवा केशवन १९९८ साली नागानोला पोचला तेव्हा सोळा वर्षांचा होता. खेळ ल्यूज, म्हणजे पाठीवर झोपून, पाय पुढे करून बर्फाच्या नळीतून खाली सुटायचं. देशात ल्यूजचा धड ट्रॅक नाही. मग पठ्ठ्याने स्लेजला चाकं लावली आणि हिमाचलच्या घाटरस्त्यांवर सराव केला. समोरून ट्रक, मध्ये मेंढ्यांचे कळप! आपण सिग्नलला दोन मिनिटं थांबलो तरी कावतो. या माणसाने २०१८पर्यंत सलग सहा ऑलिम्पिक केली.

त्यातलं सोची सगळ्यात चटका लावणारं. भारतीय ऑलिम्पिक संघटना तेव्हा निलंबित होती. त्यामुळे शिवासह तिघे भारतीय उद्घाटनाला तिरंग्याशिवाय, ऑलिम्पिकच्या झेंड्याखाली चालले. स्पर्धा चालू असतानाच बंदी उठली आणि समारोपाला तिरंगा परत हातात आला. त्याच सोचीत सरावाच्या वेळी शिवा भरधाव स्लेजवरून पडला आणि घसरता घसरता पुन्हा तिच्यावर चढला. तो व्हिडिओ जगभर फिरला. मेडल नाही, पण काळीज बघा!

२०२२ला बीजिंगला भारताचा खेळाडू होता एकच, गुलमर्गचा आरिफ खान. वडिलांचं स्कीचं सामान आणि टूरिस्टांना फिरवण्याचं काम, त्यामुळे पोरगा चौथ्या वर्षीच स्कीवर उभा राहिला. जायंट स्लालममध्ये तो ४५वा आला. आकडा छोटा वाटत असेल तर लक्षात घ्या, त्या दिवशी बर्फवृष्टीत बरेच खेळाडू शर्यत पूर्णही करू शकले नव्हते.

आता गुलमर्गची बातमी ऐका. तुमच्या-माझ्या ओळखीतले कितीतरी जण तिथे टूरबरोबर जाऊन भाड्याचे गमबूट घालून फोटो काढून आलेत. २०२४च्या जानेवारीत तेच गुलमर्ग कोरडं ठणठणीत होतं. हिमालयात हिवाळी बर्फ आणणारे पश्चिमेकडचे ढग आलेच नाहीत. उतारांवर पिवळं गवत आणि स्कीचे ट्रेनर हातावर हात ठेवून बसलेले. बर्फ पडला तो जानेवारी सरता सरता. २०२५ला खेलो इंडिया हिवाळी स्पर्धेचा गुलमर्गचा टप्पा २२ फेब्रुवारीपासून होणार होता. बर्फ नाही म्हणून पुढे ढकलला आणि मार्चमध्ये झाला.

इन्सब्रुकला धावून यायला सैन्य होतं, बीजिंगकडे तोफा आणि पैसा होता. गुलमर्गच्या चार वर्षांच्या पोराकडे फक्त डोंगरावर पडेल तेवढा बर्फ आहे. सीझन चार महिन्यांचा दोन महिन्यांवर आला, की त्याचा सराव अर्धा होतो आणि त्याच्या बापाची कमाईसुद्धा. हिवाळी ऑलिम्पिक अजून बरीच वर्षं टिकेल, सापोरोत किंवा दुसऱ्या कुठल्या थंड गावात. पण त्यात उतरायला आपल्याकडून कोणी तयार होईल का, हे तिथल्या मशिन्सवर नाही, इथल्या डोंगरांवर ठरणार आहे.

तेव्हा पुढच्या वेळी टीव्हीवर कोणी पांढऱ्या उतारावरून सूं करत खाली येताना दिसलं, तर लगेच चॅनेल बदलू नका. कोण जिंकलं ते बघाच. पण तो बर्फ आभाळातून पडलाय, ट्रकमधून आलाय की मशिनमधून, हेही जरा बघा. पुढच्या शंभर वर्षांची स्टोरी त्यातच आहे.

टी-ब्रेकमध्ये फेकायला!

• शामोनीत १९२४ला स्की जंपिंगच्या गुणांची बेरीज चुकली. चूक लक्षात आली ५० वर्षांनी! १९७४ साली अमेरिकेच्या अँडर्स हाउगेनला त्याचं कांस्यपदक मिळालं. आधी ज्याला ते गेलं होतं, त्या नॉर्वेच्या थोरलाइफ हाउगच्या मुलीने ते त्याच्या हाती दिलं.

• अमेरिकेच्या एडी ईगनने १९२०ला बॉक्सिंगचं आणि १९३२ला बॉबस्लेचं सुवर्ण जिंकलं. उन्हाळी आणि हिवाळी अशा दोन्ही ऑलिम्पिकमध्ये, वेगवेगळ्या खेळांत सुवर्ण मिळवणारा हा एकमेव माणूस.

• २००२ला सॉल्ट लेक सिटीत ऑस्ट्रेलियाचा स्टीव्हन ब्रॅडबरी १,००० मीटर शॉर्ट ट्रॅकच्या फायनलमध्ये शेवटचा होता. शेवटच्या वळणावर पुढचे चारही जण एकमेकांवर आदळून पडले आणि हा आरामात सुवर्ण घेऊन गेला. अप्रेझलच्या वेळी लक्षात ठेवा!

• १९८८ला कॅल्गरीत चक्क जमैकाची बॉबस्ले टीम उतरली. बर्फ न पडणाऱ्या देशाची! त्याच स्पर्धेत शैलजा कुमार ही हिवाळी ऑलिम्पिकमध्ये उतरलेली पहिली भारतीय महिला ठरली.

• स्की जंपिंग १९२४पासून ऑलिम्पिकमध्ये आहे. मुलींना त्यात उडी मारायची परवानगी मिळाली थेट २०१४ला. बर्फ लवकर वितळतो, नियम नाही!